सा पा व परिसरातील डोंगरी गावे

उत्तर व्हिएटनाममधील एक गिरिस्थान व त्याच्या भोवतालच्या ह्मोंग, झाओ, झाय इ. अल्पसंख्य जमातींच्या गावांतून होणाऱ्या अल्पकालीन पदभ्रमणाचे प्रमुख केंद्र. हानॉईच्या वायव्येस सु. ३२० किमी. आणि चीनच्या सीमेवरील लाओ काय या शहरापासून सु. ३५ किमी. अंतरावर, होआंग लिएन सोन पर्वतश्रेणीच्या उतारावर, समुद्रसपाटीपासून १,५०० ते १,६०० मी. उंचीवर ते वसले आहे. या श्रेणीतील फान्सीपान (३,१४३ मी.; २०१९ मधील फेरमोजणीनुसार ३,१४७ मी.) हे व्हिएटनाम, लाओस व कंबोडिया या तिन्ही देशांतील सर्वोच्च शिखर होय. वार्षिक सरासरी तापमान सु. १५° से. असून पावसाचे प्रमाण २,५०० मिमी. हून अधिक आहे. त्यातील बहुतांश पाऊस मे ते सप्टेंबर या महिन्यांत पडतो. हिवाळ्यात धुके इतके दाट असते, की दरीच्या काठावर उभे राहूनही दरी दिसत नाही. क्वचित हिमवृष्टीही होते. डिसेंबर २०१३ व जानेवारी २०१६ मधील हिमवृष्टी विशेष उल्लेखनीय ठरली. सा पा हे नाव मूळ चिनी असून त्याचा अर्थ वाळूचा उंचवटा असा सांगतात. फ्रेंच अमदानीतील कागदपत्रांत ते ‘शापा’ असे आढळते.

हानॉईहून रात्रीच्या आगगाडीने वा बसने निघून सा पा येथे दोन दिवस व एक रात्र घालवायची, या काळात मुओंग ह्वा नदीच्या खोऱ्यातील तीन-चार गावे स्थानिक मार्गदर्शिकेसमवेत पायी पाहावयाची, एक मुक्काम गावकऱ्याच्या घरी करावयाचा व परत फिरावयाचे, हा या भागातील सहलीचा रूढ आराखडा आहे. सहलींच्या पत्रकांत या गावांचे वर्णन ‘काळाचा स्पर्श न झालेली’ असे हमखास केलेले असते. वस्तुस्थिती याच्या उलट आहे. पर्यटकाला जे दिसते त्यातील फार मोठा भाग गेल्या दोन-तीन शतकांतील स्थलांतरे, वसाहतवादी राजवट, युद्धे आणि सरकारी धोरणे यांतून घडलेला आहे. एवढेच नव्हे, तर त्याच्याबरोबर चालणारी मार्गदर्शिका या व्यवसायात का आली, याचे उत्तरही त्याच घडामोडींत सापडते.

लोक : व्हिएटनाममध्ये ५४ वांशिक गटांना अधिकृत मान्यता असून त्यांची यादी १९७९ मध्ये निश्चित करण्यात आली. त्यांपैकी किन्ह (म्हणजे सामान्यतः ज्यांना व्हिएटनामी म्हटले जाते ते) लोक २०१९ च्या जनगणनेनुसार देशाच्या लोकसंख्येत सु. ८५ टक्के होते. ते मुख्यत्वे सखल प्रदेशात राहतात. सा पा परिसरातील डोंगराळ गावांत मात्र त्यांचे प्रमाण अल्प असून निम्म्याहून अधिक लोक ह्मोंग आहेत. त्यांच्या खालोखाल झाओ व नंतर ताय, झाय आणि फू ला (सा फो) यांचा क्रम लागतो. संपूर्ण देशात ह्मोंगांची संख्या सु. १३·९ लाख, झाओंची सु. ८·९ लाख, तर झायांची केवळ सु. ६८ हजार आहे.

ह्मोंग लोक दक्षिण चीनमधून, प्रामुख्याने गुइजौ व युनान या भागांतून, चिनी साम्राज्याशी झालेले संघर्ष व जमिनीची टंचाई यांमुळे अठराव्या-एकोणिसाव्या शतकांत येथे येऊन स्थायिक झाले. तोपर्यंत दऱ्यांच्या तळाची सुपीक जमीन ताय व तत्सम लोकांच्या ताब्यात गेलेली होती; त्यामुळे ह्मोंगांच्या वाट्याला वरचे उतार आले. आजही ताय व झाय यांची गावे सामान्यतः ओढ्या-नद्यांच्या लगत, झाओंची मधल्या उंचीवर व ह्मोंगांची त्याहून वर अशी मांडणी ठळकपणे दिसते. एका दिवसाच्या चालीत तीन भाषा व तीन प्रकारची घरे पाहावयास मिळतात, त्याचे कारण हेच. फ्रेंच व किन्ह लोक ह्मोंगांना पूर्वी ‘मेओ’ म्हणत. हे नाव ह्मोंगांना अपमानास्पद वाटते व ते आता अधिकृत व्यवहारातून गेले आहे.

सा पा भोवतालच्या ह्मोंगांना त्यांच्या निळीत रंगविलेल्या, जवळजवळ काळ्या दिसणाऱ्या पोशाखावरून ‘काळे ह्मोंग’ म्हणतात. लाओ काय प्रांतातच, पूर्वेकडील बाक हा येथील भरजरी भरतकामाचे कपडे वापरणाऱ्यांना ‘फुलांचे ह्मोंग’ असे नाव आहे. ह्मोंग समाज पितृवंशीय कुळांत विभागलेला असून एकाच कुळात विवाह निषिद्ध मानतात. मराठी वाचकास सगोत्र विवाहनिषेधाची येथे आठवण व्हावी. झाओंमधील ‘तांबडे झाओ’ स्त्रिया लाल शिरोवस्त्रावरून ओळखू येतात. विवाहित स्त्रिया भुवया व कपाळावरचे केस काढून टाकतात. झाओंच्या विधिग्रंथांसाठी चिनी चित्रलिपीवर आधारलेली लिपी वापरली जाते व त्यांच्या धार्मिक जीवनावर ताओ पंथाचा खोल ठसा आहे. ता फिन या गावातील झाओ स्त्रिया रानातील वनस्पती उकळून केलेल्या स्नानाच्या पाण्यासाठी प्रसिद्ध असून आता तोही पर्यटनाचा एक भाग बनला आहे.

शेती व उपजीविका : डोंगरउतारावर एकाखाली एक अशी शेकडो भातखाचरे हे या खोऱ्याचे मुख्य आकर्षण होय. वरच्या ओढ्याचे पाणी पाटाने अथवा बांबूच्या पन्हळीने सर्वांत वरच्या खाचरात सोडतात व बांधाला ठेवलेल्या तोंडातून ते पायरीपायरीने खाली उतरते. बांध मातीचे असल्याने दरवर्षी ते छाटून, लिंपून नीट करावे लागतात; एक बांध फुटला तर त्याखालची पाच-दहा खाचरे धुपून जातात. त्यामुळे पाण्याच्या पाळ्या व बांधांची दुरुस्ती या बाबी शेजाऱ्यांच्या सहमतीवाचून चालू शकत नाहीत. चिखलणी रेड्यांकरवी होते. थंडीमुळे वर्षातून भाताचे एकच पीक निघते : मे-जूनमध्ये लावणी व सप्टेंबरच्या सुमारास कापणी. या दोन काळांत खोरे सर्वांत देखणे दिसते आणि पर्यटकांची गर्दीही याच वेळी असते; म्हणजे शेतात माणसांची सर्वाधिक गरज असते त्याच वेळी मार्गदर्शिकांनाही सर्वाधिक मागणी येते. बऱ्याच घरांतून ही अडचण कामाची वाटणी बदलून, म्हणजे स्त्रीचे शेतातील काम पुरुषांनी वा सासूने उचलून, सोडविली जाते.

एका पिकाचा तांदूळ अनेक कुटुंबांना वर्षभर पुरत नाही. कमतरता मका व अन्य पिकांनी भरून काढावी लागते. पूर्वी रोख पैशाचे साधन अफू हे होते. फ्रेंच राजवटीत अफूचा व्यापार सरकारी मक्तेदारीचा होता व डोंगरातील ह्मोंग हे तिचे उत्पादक होते. १९९३ मध्ये अफूच्या लागवडीवर बंदी आली. फिरत्या शेतीवर व वृक्षतोडीवरही याच दशकात निर्बंध कडक झाले. २००२ मध्ये होआंग लिएन राष्ट्रीय उद्यान स्थापन झाल्यावर वरच्या रानाचा वापर आणखी मर्यादित झाला. दुसरीकडे, सरकारने पुरस्कारिलेल्या संकरित भाताचे उत्पन्न अधिक असले, तरी त्याचे बी दरवर्षी विकत घ्यावे लागते व खतही लागते. जुन्या वाणांचा तांदूळ चवीला सरस मानला जात असून अनेक घरांत थोड्या खाचरांत तो आवर्जून लावतात. थोडक्यात, पैसा मिळविण्याचा जुना मार्ग बंद झाला आणि पैशाची गरज वाढली, या दोन्ही गोष्टी एकाच काळात घडल्या.

ही पोकळी काही अंशी मोठ्या वेलदोड्याने भरून काढली. चिनी पाककृतींत व औषधांत वापरली जाणारी ही जात भारतातील मसाल्याच्या मोठ्या वेलदोड्याच्या जवळची, परंतु निराळी आहे. झाडांच्या सावलीतच ती वाढत असल्याने रान न तोडता तिची लागवड करता येते. पावसाळ्याच्या अखेरीस फळे तोडून रानातच उभारलेल्या भट्ट्यांवर धुराने वाळवितात आणि माल दलालांमार्फत मुख्यतः चीनमध्ये जातो. तथापि हिमवृष्टी व कडाक्याची थंडी या पिकाला मानवत नाही. २०१६ च्या हिमवृष्टीत त्याचे मोठे नुकसान झाले. असे नुकसान एका हंगामापुरते नसते, कारण नव्या रोपांना फळ धरण्यास काही वर्षे लागतात. गुरांची हानीही अशा थंडीत होते आणि रेडा मेला की पुढील वर्षाच्या चिखलणीचा प्रश्न उभा राहतो.

इतिहास : फ्रेंचांनी १९०३ मध्ये या भागाची भूमापन-पाहणी केली. १९०६ मध्ये हानॉईकडून लोहमार्ग लाओ काय येथे पोहोचला व त्यानंतर काही वर्षांतच सा पा येथे लष्करी आरोग्यधाम उभे राहिले. ब्रिटिशांनी सह्याद्रीत महाबळेश्वर व माथेरान ज्या हेतूने वसविले, त्याच हेतूने, म्हणजे सखल प्रदेशातील उष्मा व हिवताप यांपासून गोऱ्या अधिकाऱ्यांची सुटका व्हावी म्हणून, येथे बंगले, हॉटेले व दगडी चर्च बांधण्यात आले. कात कात येथील धबधब्यावर छोटे जलविद्युत् केंद्रही उभारले होते. मुओंग ह्वा खोऱ्यातील रेखाटने कोरलेल्या शिलाखंडांचा शोध १९२५ मध्ये व्हिक्टर गोलूब्यू यांनी लावला. या खडकांवरील पायऱ्या, मनुष्याकृती व रेषा यांचा अर्थ आणि त्यांचा काळ यांबाबत अभ्यासकांत एकमत नाही. मार्गदर्शिकेकडून त्यांविषयी निरनिराळ्या कथा ऐकावयास मिळतात.

पहिल्या इंडोचायना युद्धात (१९४६–५४) बहुतेक बंगले उद्ध्वस्त झाले व गिरिस्थान ओस पडले. १९६० नंतर सखल प्रदेशातील किन्ह कुटुंबांना सरकारने या डोंगराळ भागात आणून वसविले. शहरातील सध्याच्या किन्ह वस्तीचे मूळ बऱ्याच अंशी त्यात आहे. शेतीचे सामुदायिकीकरणही याच काळातील. फेब्रुवारी १९७९ मध्ये चिनी सैन्याने सीमा ओलांडली, तेव्हा लाओ काय शहराची धूळधाण झाली. १९८६ मध्ये सुरू झालेल्या आर्थिक पुनर्रचनेनंतर शेतजमीन कुटुंबांकडे आली आणि १९९० च्या दशकाच्या प्रारंभी परदेशी प्रवाशांना सा पा खुले झाले. त्या वेळी येथे मोजकीच अतिथिगृहे होती.

पदभ्रमण व मार्गदर्शिका : सर्वांत अधिक वापरली जाणारी वाट सा पा शहरातून उतरून लाओ चाय या ह्मोंग गावावरून ता व्हान या झाय वस्तीच्या गावी जाते. अंतर सु. १० ते १२ किमी. असून चाल पाच-सहा तासांची आहे. वाट उताराची, चिकणमातीची आणि पावसात विलक्षण निसरडी असते. गुडघ्याइतके रबरी बूट भाड्याने मिळतात ते उगाच नव्हे. ता व्हान येथे लाकडी माळ्यावरील अंथरुणात रात्र काढून दुसऱ्या दिवशी बांबूच्या बनातून झाओंच्या झांग ता चाय या गावाकडे जातात व तेथून वाहनाने परततात. ज्यांना वेळ कमी असतो ते केवळ कात कात पाहतात. शहराला अगदी लागून असलेल्या या गावात प्रवेशशुल्क, दुकाने, नृत्याचे प्रयोग व छायाचित्रासाठी भाड्याने मिळणारे पोशाख यांची इतकी रेलचेल झाली आहे, की त्याला गाव म्हणण्यापेक्षा प्रदर्शन म्हणणे अधिक योग्य ठरेल. दक्षिणेकडील बान हो हे सखल व उष्ण भागातील ताय गाव त्या मानाने निवांत आहे.

शहराबाहेर पडताच पर्यटकांच्या तुकडीबरोबर काही ह्मोंग स्त्रिया न बोलाविता चालू लागतात. पाठीवर करंडी, कधी कधी तान्हे मूल आणि हातात वाखाचा धागा असा त्यांचा सरंजाम असतो. निसरड्या उतारावर त्या पर्यटकाचा हात धरतात, वाटेत नेच्याच्या पानांचे घोडे करून देतात आणि दुपारच्या जेवणाच्या थांब्यावर करंडी उघडून विणकाम व भरतकाम विकण्याचा आग्रह धरतात. अनेक प्रवाशांना हा आग्रह खटकतो व पूर्वीचे सौजन्य खोटे होते असे वाटू लागते. परंतु चार तासांची ही सोबत त्या स्त्रीच्या दृष्टीने एक पुरवलेली सेवा असते, तिचा मोबदला वस्तूच्या रूपाने मागितला जातो; सहलीच्या किमतीत तिचा वाटा नसतो. हे आधी सांगितले गेले, तर दोन्ही बाजूंचा अवघडलेपणा बराच कमी होतो.

मार्गदर्शिकांचा वर्ग याच विक्रेत्या स्त्रियांतून तयार झाला. १९९० च्या दशकात आयांबरोबर बाजारात येणाऱ्या ह्मोंग मुली परदेशी प्रवाशांशी बोलता बोलता इंग्रजी शिकल्या. अनेकींचे शालेय शिक्षण अर्धवट होते व काहींना इंग्रजी अस्खलित बोलता येत असूनही लिहिता येत नव्हते. हॉटेलांनी व प्रवासी संस्थांनी त्यांना हळूहळू रोजाने कामावर घेतले. २०१७ च्या पर्यटन कायद्याने (अंमल १ जानेवारी २०१८ पासून) मार्गदर्शकांचे आंतरराष्ट्रीय, देशांतर्गत व स्थलविशिष्ट असे तीन वर्ग केले. परदेशी पर्यटकांना देशभर नेण्याच्या परवान्यासाठी महाविद्यालयीन पात्रता आवश्यक असल्याने वाट, पीक, वनस्पती व भाषा यांची उत्तम जाण असलेल्या ह्मोंग स्त्रीला सामान्यतः केवळ स्थलविशिष्ट परवान्यापर्यंतच पोहोचता येते. हानॉईहून तुकडीबरोबर येणारा परवानाधारक किन्ह मार्गदर्शक आणि गावची वाट दाखविणारी ह्मोंग स्त्री असे दोघे एकत्र दिसतात, ते यामुळे. दोघांच्या मेहनतान्यातही अर्थातच अंतर असते.

पैशाच्या वाटपाचा प्रश्न येथेच संपत नाही. सहल हानॉईत विकली जाते, तिथून ती सा पा मधील कचेरीकडे येते व शेवटी मार्गदर्शिकेच्या हाती दिवसाची मजुरी पडते. शहरातील हॉटेले, उपाहारगृहे व प्रवासी कचेऱ्या बहुतांशी किन्ह मालकांच्या आहेत. गावातील मुक्कामाची घरे प्रथम ता व्हानच्या झायांनी काढली. रस्त्यालगतची मोठी घरे व थोडे भांडवल त्यांच्याकडे होते. वरच्या वस्त्यांतील ह्मोंगांकडे या दोन्ही गोष्टी क्वचितच असत. अलीकडे बाहेरच्या गुंतवणूकदारांनी जागा भाडेपट्ट्याने घेऊन चालविलेली निवासस्थानेही वाढली असून पाटीवर ‘गावचे घर’ असे लिहिलेले असले, तरी यजमान गावचा असेलच असे नाही. याउलट काही ह्मोंग स्त्रियांनी स्वतःच्या घरी मुक्कामाची सोय करून पर्यटकांशी थेट संधान बांधले आहे. अशा व्यवस्थेत पैसा घरातच राहतो व मार्गही ठराविक राहत नाही.

वस्त्रकला व बाजार : काळ्या ह्मोंगांचे कापड भांगेच्या झाडाच्या वाखापासून होते. खोडाची साल सोलून तिचे तंतू एकास एक जोडतात व पीळ देतात. हे काम स्त्रिया चालता चालताही करतात. विणलेले कापड निळीच्या पिंपात बुडवून वाळविण्याची क्रिया पुनःपुन्हा, कित्येक दिवस करावी लागते, तेव्हा तो गडद रंग चढतो. नंतर मेण लावून दगडाखाली घोटल्यावर कापडाला धातूसारखी चकाकी येते. नक्षी काढण्यासाठी वितळलेल्या मेणाने रेषा आखून मग रंगविण्याची बाटिक पद्धतही वापरतात. सुरुवातीच्या वर्षांत बाजारात येई ते जुन्या घागऱ्यांचे व सदऱ्यांचे कापड. व्यापारी ते घेऊन त्याच्या पिशव्या व उशांचे अभ्रे शिवून घेत. जुना साठा आटल्यावर यंत्रावर छापलेले कृत्रिम धाग्याचे कापड चीनमधून येऊ लागले. ते स्वस्त व हलके असल्याने ह्मोंग स्त्रियाही रोजच्या वापरासाठी ते घेतात. हाताने केलेल्या कापडाची परीक्षा सोपी आहे : निळीचा रंग हाताला लागतो.

शनिवारी रात्री सा पा मध्ये भरणारा तथाकथित ‘प्रेमबाजार’ हा मुळात लांबून बाजाराला आलेल्या तरुण-तरुणींच्या मुक्कामाचा व गाण्यांच्या देवघेवीचा प्रसंग होता. प्रेक्षक व कॅमेरे वाढले, तशी ती मंडळी तेथून निघून गेली. आज दिसतो तो रंगमंचावरचा प्रयोग होय. लहान मुलांकडून वस्तू विकत घेऊ नयेत, असे आवाहन स्थानिक प्रशासन करते, कारण विक्री चांगली झाली की मूल शाळेत जात नाही.

अलीकडील बदल : सप्टेंबर २०१४ मध्ये हानॉई–लाओ काय द्रुतगती मार्ग खुला झाला व प्रवास पाच-सहा तासांवर आला. फेब्रुवारी २०१६ मध्ये फान्सीपानचा रज्जुमार्ग सुरू झाला. त्याची लांबी ६,२९२·५ मी. व दोन टोकांच्या उंचीतील फरक १,४१० मी. असून त्याची नोंद जागतिक विक्रम म्हणून झाली. ज्या शिखरासाठी पूर्वी दोन-तीन दिवसांची चढाई व स्थानिक भारवाहक लागत, तेथे आता सु. पंधरा मिनिटांत पोहोचता येते. देशांतर्गत पर्यटकांची संख्या परदेशी पर्यटकांहून कितीतरी अधिक झाली आहे. त्यांचा ओढा शिखर, बाजार व कात कात यांकडे असल्याने खोऱ्यातील लांबच्या वाटांवरील मार्गदर्शिकांना या वाढीचा लाभ बेताचाच मिळतो. शहरात बांधकाम सतत चालू असून डोंगर कापल्यामुळे दरडींचा धोका वाढला आहे. सप्टेंबर २०२४ मध्ये यागी या चक्री वादळानंतर लाओ काय प्रांतात ठिकठिकाणी दरडी कोसळल्या. बाओ येन जिल्ह्यातील लांग नू हे खेडे १० सप्टेंबर रोजी चिखलाच्या लोंढ्याखाली गेले व अनेकांचा बळी गेला. जून ते ऑगस्ट या काळात त्यामुळे पदभ्रमण टाळणे इष्ट समजतात. मार्च ते मे आणि सप्टेंबरचा उत्तरार्ध ते नोव्हेंबर हे महिने सोयीचे होत.

१ जानेवारी २०२० पासून सा पा जिल्ह्याला नगराचा दर्जा मिळाला होता. १ जुलै २०२५ रोजी व्हिएटनाममधील जिल्हा-पातळीवरील प्रशासन रद्द होऊन लाओ काय व येन बाय हे प्रांत एकत्र आले. त्या वेळी सा पा हा एक प्रभाग झाला व भोवतालच्या गावांची नव्या ग्रामघटकांत पुनर्रचना झाली. गावांची जुनी नावे व्यवहारात कायम आहेत.